गानहिरा कै. हिराबाई बडोदेकर : गाणाऱ्या कुटुंबाचा आधार

अंधेरी, बोरीवली, मुलुंड असो वा घाटकोपर, आपल्या उपनगरातील कोणत्याही जुन्या गावठाणात गेले की तेथील देवळात आषाढी-कार्तिकीला किंवा हरिनाम सप्ताहात महिला भजनी मंडळ बसलेले दिसते. एक भगिनी पेटी धरते, चार-सहाजणी टाळ घेतात आणि एखादी तरुण सून पुढे बसून अभंग उचलते. समोर सासरे, दीर, शेजारीपाजारी सर्वजण ऐकत असतात. गाणे चांगले झाले तर माना डोलतात आणि आरतीनंतर घरी जाताना त्या सुनेचे कौतुकही होते. यात कोणालाही काही वावगे वाटत नाही.

शंभर वर्षांपूर्वी हे चित्र असे नव्हते. जात्यावरची ओवी, मंगळागौरीची गाणी, पाळणा एवढेच घरंदाज स्त्रीचे गाणे समजले जाई आणि तेही माजघरात. चारचौघांसमोर बसून गाणारी बाई म्हटली की लोकांच्या कपाळाला आठी पडे. गाणे हा काही ठराविक घराण्यांतील स्त्रियांचा पोटाचा धंदा, अशी समजूत होती. त्या स्त्रियांच्या अंगी थोर विद्या असली तरी समाज त्यांना मान देत नसे. त्यांचे गाणे ऐकावे, पण त्यांना घरी बोलावू नये, अशी दुटप्पी रीत होती.

ही रीत ज्यांनी आपल्या वागण्याने व गाण्याने मोडली, त्यांत कै. हिराबाई बडोदेकर यांचे नाव प्रथम घ्यावे लागते. त्यांनी यासाठी सभा भरविल्या नाहीत की भाषणे दिली नाहीत. त्या व्यासपीठावर शांतपणे बसल्या आणि गायल्या, इतकेच. परंतु त्या एकट्या नव्हत्या. त्यांच्यामागे गाणारे सारे घर उभे होते आणि त्या घराचा भार पुष्कळ वर्षे त्यांच्याच गळ्याने वाहिला. त्यांचे चरित्र सर्वांनी, विशेषतः भगिनीवर्गाने, जाणून घेण्यासारखे आहे.

जन्म व माता-पिता

हिराबाईंचा जन्म १९०५ सालच्या मे महिन्यात मिरज येथे झाला. त्यांचे वडील म्हणजे संगीतसम्राट उस्ताद अब्दुल करीम खाँ. खाँसाहेब मूळचे उत्तर प्रदेशातील कैराना गावचे. त्या गावावरून त्यांच्या गायकीला किराणा घराणे म्हणतात. वाण्याच्या किराणा मालाशी या नावाचा काही संबंध नाही, हे सांगितलेले बरे, कारण पुष्कळांचा तसा समज होतो.

तरुणपणी खाँसाहेब बडोदे संस्थानात गायक होते. तेथील सरदार मारुतीराव माने यांच्या कन्या ताराबाई यांना गाण्याची अतिशय आवड होती. गुरु-शिष्येच्या नात्यातून दोघांची मने जुळली. एक सरदारकन्या, दुसरा परधर्मीय गवई. त्या काळी असा विवाह राजवाड्याच्या सावलीत होणे शक्यच नव्हते. दोघांनी बडोदे सोडले, ते मुंबईस आले व पुढे मिरजेस राहिले. ताराबाईंनी सरदार घराण्याचे सुख सोडले आणि गवयाचा फिरता संसार पत्करला.

या दाम्पत्यास झालेल्या मुलांपैकी पाच जगली. थोरले सुरेशबाबू, बहिणींत थोरल्या हिराबाई, त्याखेरीज कृष्णराव व कमलाबाई आणि सर्वांत धाकट्या सरस्वतीबाई. सरस्वतीबाईंचा जन्म १९१३ सालचा. घरात त्यांना सर्वजण छोटूताई म्हणत.

खाँसाहेबांनी १९१३ साली आर्य संगीत विद्यालय काढले. त्यांच्याकडे दूरदूरचे शिष्य येऊन राहत. पहाटेपासून तंबोरे जुळत, खर्जाचा रियाज चाले, एकेका स्वरावर तास जाई. अशा घरात वाढणाऱ्या मुलांना स्वर शिकवावा लागत नाही, तो कानावाटे आपोआप अंगात मुरतो. मात्र मुलीने गवई व्हावे असे त्या काळच्या गवयांनाही वाटत नसे. त्यामुळे प्रत्यक्ष वडिलांसमोर बसून रीतसर तालीम घेण्याचा योग हिराबाईंना फारसा आला नाही. जे मिळाले ते ऐकून.

घर दुभंगले

१९२० नंतर दोन-तीन वर्षांतच या सुरेल घरात बेसूर शिरला. पती-पत्नींचे पटेनासे झाले आणि अखेर ताराबाई पाचही मुलांना घेऊन वेगळ्या झाल्या. दोन मोठ्या माणसांमधील दुराव्याचा न्याय करणे इतरांचे काम नव्हे. परंतु त्याचे परिणाम मुलांनी सोसले, हे मात्र खरे.

ताराबाई करारी होत्या. त्यांनी मुलांना आपले माहेरचे माने हे आडनाव लावले आणि त्यांची नावेही बदलली. अब्दुल रहमान यांचे सुरेश झाले, चंपाकली यांचे हिराबाई झाले, सकिना यांचे सरस्वती झाले. बडोद्याशी असलेल्या नात्यावरून हिराबाई व कमलाबाई यांनी बडोदेकर हे नाव लावले. ऐन समजत्या वयात मुलांचे नाव, वडील आणि घर तिन्ही बदलले. बदलले नाही ते एकच, त्यांच्या गळ्यातील वडिलांची गायकी. नाव कागदावर बदलता येते, गाणे बदलता येत नाही.

आता प्रश्न पोटाचा होता. पदरी पाच मुले, मागे कोणाचा आधार नाही, इस्टेट नाही. घरात भांडवल म्हणून काय ते मुलांचे गळे. ताराबाईंनी ते ओळखले. गाणे शिकविण्यासाठी नूतन संगीत विद्यालय सुरू झाले आणि सर्व घर कामाला लागले.

तालीम व पहिली हजेरी

हिराबाईंना शिकविण्याचे काम दोघांनी केले. एक त्यांचे थोरले बंधू सुरेशबाबू आणि दुसरे किराणा घराण्याचेच उस्ताद अब्दुल वहीद खाँ. वहीद खाँसाहेबांना कमी ऐकू येत असे, म्हणून त्यांना लोक बहिरे वहीद खाँ म्हणत. परंतु स्वरांचा त्यांच्याइतका बारीक हिशेब ठेवणारा गवई विरळा. अतिविलंबित लयीत राग एकेका स्वराने कसा उलगडावा, हे त्यांनी शिकविले.

ही पद्धत समजण्यास सोपी आहे, आचरण्यास कठीण. समजा एखाद्याला डोंगरावरच्या देवळात जायचे आहे. घाईचा माणूस धावत सुटतो व अर्ध्यावर धापा टाकतो. किराणा गायकी प्रत्येक पायरीवर थांबते, ती पायरी नीट पारखते, मागे वळून पाहते आणि मगच पुढचे पाऊल टाकते. वरच्या षड्जावर पोचेपर्यंत ऐकणाराही सोबत चढलेला असतो. हिराबाईंचा आवाज बारीक, गोड आणि स्वराला अचूक लागणारा होता. ही पद्धत त्या आवाजाला अंगासारखी बसली.

१९२१ च्या सुमारास मुंबईत पं. विष्णु दिगंबर पलुस्कर यांच्या गांधर्व महाविद्यालयात हिराबाईंचे जाहीर गायन झाले. त्या वेळी त्या जेमतेम सोळा वर्षांच्या होत्या. समोर जाणकार गवई व रसिक बसलेले. त्यांच्यासमोर एक कोवळी मुलगी बसते, हातवारे नाही, नखरा नाही, कोणाकडे पाहून हसणे नाही, आणि डोळे मिटून राग मांडते, हे दृश्यच त्या काळी नवे होते. ऐकणाऱ्यांनी तिला मान दिला.

पुढे हिराबाईंनी आणखी एक धीट पाऊल टाकले. तिकीट लावून जाहीर जलसा करण्यास त्यांनी सुरुवात केली. स्त्रीने असा जलसा करण्याची वहिवाट पाडणाऱ्या त्या पहिल्याच समजल्या जातात. आज यात नवल वाटणार नाही, पण त्याचा अर्थ नीट ध्यानात घेतला पाहिजे. पूर्वी गायिकेचे गाणे कोणा धनिकाच्या दिवाणखान्यात होई. बोलावणारा मालक, गाणारी आश्रित. तिकिटाने हे नाते बदलले. आता ऐकणारा दाम मोजून, वेळेवर येऊन, खुर्चीत शांत बसून ऐकणार. कारकून, शिक्षक, गिरणीतला जॉबर, कोणीही यावे. सोबत पत्नीला व मुलींनाही आणावे. ज्या कार्यक्रमास घरची लेकीबाळी घेऊन जाता येते त्या कार्यक्रमास आपोआप प्रतिष्ठा येते. दोन्ही खांद्यांवरून पदर घेतलेली साधी राहणी, मोजके बोलणे आणि वेळेचा काटेकोरपणा यांमुळे लोक त्यांना घरच्या ताईसारखे मानू लागले.

भावंडांची नाटक मंडळी

ते दिवस संगीत नाटकांचे होते. बालगंधर्व स्त्रीवेषात रंगभूमीवर आले की सारा महाराष्ट्र वेडा होत असे. नाटकातील नायिका पुरुषच करीत, कारण घरंदाज स्त्रिया रंगभूमीवर येत नसत. अशा काळात, १९२९ साली, ताराबाईंच्या मुलांनी नूतन संगीत विद्यालयाची नाट्यशाखा उभी केली. अण्णासाहेब किर्लोस्करांचे संगीत सौभद्र घेतले आणि सुभद्रेची भूमिका हिराबाईंनी स्वतः केली. स्त्रीची भूमिका स्त्रीने करावी, भावाबहिणींनी एकाच रंगमंचावर उभे राहून गावे, ही गोष्ट मराठी रंगभूमीवर धाडसाचीच होती. टीका करणारे होते, नाके मुरडणारे होते. पण पडदा वर गेला आणि पहिले पद सुरू झाले की नाके मुरडणारेही ऐकत बसत.

सौभद्रखेरीज संशयकल्लोळ यासारखी जुनी नाटके आणि साध्वी मीराबाई यासारखी नवी नाटकेही या मंडळींनी केली. सुरेशबाबू, हिराबाई, कमलाबाई, छोटूताई, सर्व घर कामात होते. छोटूताई तर त्या वेळी अवघ्या सोळा वर्षांच्या.

नाटक कंपनी चालविणे म्हणजे एक फिरते गाव चालविणे. नट, साजिंदे, रंगपटवाले, पडदे ओढणारे, आचारी, सर्वांचा पगार आणि दोन वेळची पंगत. पडदे व पेटारे रेल्वेने एका गावाहून दुसऱ्या गावी न्यायचे, थिएटरचे भाडे आगाऊ भरायचे, जाहिराती लावायच्या. पाऊस पडला, गावात साथ आली की त्या रात्रीचा गल्ला बुडाला, पण पगार चुकत नाही. त्या काळच्या बहुतेक कंपन्या सावकाराच्या पैशावर चालत. आजचा खेळ कालचे व्याज भागवी.

त्यातच १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात आलमआरा हा पहिला हिंदी बोलपट लागला. पुढच्या वर्षी अयोध्येचा राजा हा मराठी बोलपट आला. थोड्या पैशांत गाणी, नाच आणि गोष्ट, तीही रोज तीन-तीन खेळांत! प्रेक्षक तिकडे वळले. भल्याभल्या नाटक कंपन्यांची बिऱ्हाडे मोडली, पडदे लिलावात निघाले. भावंडांची नाट्यशाखाही टिकली नाही. तिच्या मागे राहिले ते कर्ज.

कर्जाची फेड

हिराबाईंच्या आयुष्यातील सर्वांत मोठी कसोटी हीच होय. कंपनी बुडाली की मालकाने हात वर करावेत, गाव सोडावे, सावकाराने कोर्टात फेऱ्या माराव्यात, अशी उदाहरणे त्या काळी कमी नव्हती. देणे कंपनीचे होते, घरातील सर्वांच्या हौसेतून व कष्टांतून झाले होते. ते एका बहिणीनेच अंगावर का घ्यावे, असे कोणी म्हटले असते तर त्याला दोष देता आला नसता.

हिराबाईंनी ते अंगावर घेतले. गावोगावी मैफली करून मिळेल त्या बिदागीतून त्यांनी देणेकऱ्यांचे पैसे भागविले. आज येथे तर उद्या तेथे, रात्रीचे गाणे संपवून पहाटेची गाडी, पुन्हा दुसऱ्या गावी तंबोरा जुळवायचा. गवयाचा गळा म्हणजे काही गिरणीचा साचा नव्हे की तास मोजून चालवावा. सर्दी-पडसे, जागरण, प्रवास, सारे त्याला बाधते. तरीही त्या गात राहिल्या.

यातील विशेष असा की कर्जापायी गावे लागले म्हणून त्यांचे गाणे कधी बाजारी झाले नाही. लोकांना खूष करावे म्हणून त्यांनी उथळ चीज गायली नाही. मात्र ऐकणारा सामान्य माणूस आहे याचे भान ठेवून त्यांनी मैफलीची मांडणी नीटस केली. प्रथम ख्याल, मग ठुमरी, मग एखादे नाट्यपद, शेवटी भजन व भैरवी. शास्त्र जाणणाऱ्यास ख्याल मिळे, आजीबाईला भजन मिळे. कोणी रिकाम्या हाताने परतत नसे. त्यांच्या ध्वनिमुद्रिकाही घरोघर गेल्या.  

वडिलांचे जाणे

२७ ऑक्टोबर १९३७ रोजी अब्दुल करीम खाँ पाँडिचेरीकडे जात असता वाटेत प्रकृती बिघडल्यामुळे मद्रासजवळच्या सिंगपेरुमल कोईल या लहानशा स्टेशनावर उतरले आणि तेथेच फलाटावर त्यांचे देहावसान झाले. त्यांचा देह मिरजेस आणून मीरासाहेबांच्या दर्ग्याच्या आवारात दफन करण्यात आला. त्यांच्या पुण्यतिथीस तेथे संगीतसभा भरविण्याची प्रथा पडली. हिंदू-मुसलमान सर्व गवई तेथे हजेरी लावून गातात.

हिराबाईंनीही तेथे गानसेवा केली. ज्या वडिलांपासून आईबरोबर दूर व्हावे लागले, ज्यांचे दिलेले नावही राहिले नाही, त्यांच्या कबरीपाशी बसून त्यांचीच गायकी गाणे, याहून मोठे श्राद्ध कोणते? त्यात तक्रार नव्हती, हिशेब नव्हता. आईचा स्वाभिमान आणि वडिलांची विद्या या दोन्हींचा मान त्यांनी राखला.

धाकट्या बहिणीचे यश

नाटक बुडविणाऱ्या बोलपटानेच पुढे या घरातील धाकट्या मुलीचा आवाज देशभर नेला, हाही एक योगच. विवाहानंतर छोटूताई सरस्वतीबाई राणे झाल्या. १९४३ साली आपल्या अंधेरीच्या प्रकाश पिक्चर्सने, विजय भट्ट यांच्या दिग्दर्शनाखाली, रामराज्य हा चित्रपट काढला. सीतेच्या भूमिकेत शोभना समर्थ होत्या आणि संगीत शंकरराव व्यास यांचे. त्यात वीणेवरील भीमपलासी रागातले एक गीत सरस्वतीबाईंनी गायले आणि ते लोकांच्या ओठी बसले. १९४४ साली महात्मा गांधी तुरुंगातून सुटून जुहू येथे विश्रांतीसाठी राहिले होते, तेव्हा त्यांनी हा चित्रपट पाहिला. अंधेरीत तयार झालेला चित्रपट जुहूला गांधीजींनी पाहावा आणि त्यात मिरजेच्या गाणाऱ्या घरातील धाकट्या लेकीचा आवाज असावा, ही आपल्या उपनगरवासीयांना अभिमान वाटावा अशी गोष्ट आहे.

मानसन्मान

देश स्वतंत्र झाला त्या मंगल प्रसंगी दिल्ली येथे वंदे मातरम् गाण्याचा मान हिराबाईंना मिळाला. ज्या काळात त्यांनी गाण्यास आरंभ केला त्या काळी गाणाऱ्या बाईला हळदीकुंकवालाही कोणी बोलावीत नसे. पंचवीस-तीस वर्षांत त्याच समाजाने त्यांना राष्ट्राच्या वतीने गाण्यास बोलाविले. पुढे भारताच्या सांस्कृतिक शिष्टमंडळातून त्या चीनमध्ये गेल्या व पूर्व आफ्रिकेतही त्यांचे गायन झाले. १९६५ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार व १९७० साली पद्मभूषण किताब त्यांना लाभला. रसिकांनी प्रेमाने गानहिरा ही पदवी दिली ती वेगळीच.

परंतु सुखाबरोबर दुःखही आले. १५ फेब्रुवारी १९५३ रोजी सुरेशबाबूंचे निधन झाले. सुरेशबाबू म्हणजे विद्येचा सागर. वसंतराव देशपांडे, माणिक वर्मा, प्रभा अत्रे अशा नामवंतांना त्यांनी शिकविले, परंतु स्वतःच्या नावाचा डंका कधी वाजविला नाही. ज्या भावाने हात धरून स्वर दाखविला, तोच निघून गेला. त्याच्या मागे उरलेले शिकविण्याचे काम हिराबाईंनी चालू ठेवले. प्रभाताई अत्रे यांना सुरेशबाबूंप्रमाणेच हिराबाईंचेही मार्गदर्शन लाभले. मैफलींच्या दौऱ्यांत त्या हिराबाईंच्या मागे बसून तंबोऱ्यावर साथ करीत शिकल्या. प्रभाताईंनी पुढे जगभर किराणा गायकी पोचविली. जानेवारी २०२४ मध्ये त्यांचे निधन झाले.

बहिणींचे एकत्र गाणे

उतारवयात हिराबाई व सरस्वतीबाई या दोघी बहिणी एकत्र गाऊ लागल्या. १९६५ च्या सुमारास त्यांच्या जुगलबंदीचे कार्यक्रम होऊ लागले. दोन स्त्रियांनी बरोबरीने बसून ख्याल गायची ही पद्धत शास्त्रीय संगीतात नवीच होती. थोरलीने स्वर धरावा, धाकटीने तो उचलून पुढे न्यावा, पुन्हा थोरलीने सावरावा. जुगलबंदी म्हटली की पुष्कळदा दोन पहिलवानांची कुस्ती होते. येथे तसे नव्हते. कोण वरचढ हा प्रश्नच नव्हता. घरात दोघी बहिणी एकाच जात्यावर बसून दळतात, एकीचा हात थकला की दुसरी जोर लावते, तसे ते गाणे होते.

नाट्यशाखा मोडली होती, कर्ज फिटले होते, आई-वडील व भाऊ गेले होते. परंतु ताराबाईंनी ज्या एका भांडवलावर घर उभे केले होते, ते भांडवल शेवटपर्यंत शिल्लक होते.

२० नोव्हेंबर १९८९ रोजी पुणे येथे हिराबाईंचे निधन झाले. सरस्वतीबाई त्यानंतर सतरा वर्षे होत्या. ऑक्टोबर २००६ मध्ये त्यांनीही देह ठेवला.

घ्यावयाचा बोध

मोठ्या माणसांची चरित्रे वाचून आपण हात जोडतो आणि पुस्तक मिटतो. हिराबाईंच्या चरित्रातून मात्र साध्या संसारी माणसालाही नेता येईल असे पुष्कळ आहे.

पहिली गोष्ट देण्याची. घरातील धंदा बुडाला, भाऊबंदांत वाटे पडले की प्रत्येकजण येणे आपले व देणे दुसऱ्याचे म्हणू लागतो. सात-बाराच्या उताऱ्यावर नाव लावण्यास सारे पुढे येतात, बोजा उतरविण्यास कोणी येत नाही. हिराबाईंनी घराचा बोजा आपल्या नावावर घेतला आणि तो फेडला. बहिणीने घर सावरले याचा उल्लेख पुष्कळ घरांत कोणी करीत नाही, म्हणून येथे मुद्दाम केला आहे.

दुसरी गोष्ट दोन धर्मांची. त्या हिंदू आईच्या पोटी व मुसलमान पित्याच्या घरी जन्मल्या. त्यांनी भजने गायली, संतांचे अभंग गायले, मीराबाई रंगमंचावर उभी केली आणि दर्ग्यातही गानसेवा केली. स्वर शुद्ध असला की तो कोणत्या दाराने देवाकडे गेला हे कोणी विचारीत नाही. आपल्या गावठाणांतूनही निरनिराळ्या धर्मांची घरे पिढ्यान्‌पिढ्या शेजारी नांदत आली आहेत. त्यांना हे निराळे सांगण्याची गरज नाही.

तिसरी गोष्ट लेकीसुनांची. आपल्या घरातील एखादी मुलगी गोड गळ्याची असते. लग्नाआधी आईवडील जपतात, लग्नानंतर चूल, मुले व लोकलची धावपळ यांत ते गाणे बुडून जाते. ती देवळात भजनाला बसते म्हणाली तर तिला अडवू नये. तासभर मुले सांभाळावीत, भात उतरवून ठेवावा. ताराबाईंनी मुलींच्या गळ्यावर विश्वास ठेवला नसता तर महाराष्ट्र एका रत्नास मुकला असता.

देवळाच्या सभामंडपात यापुढे जेव्हा भगिनींचे भजन रंगेल, पेटीचा षड्ज लागेल आणि पुढे बसलेली मुलगी न लाजता अभंग उचलेल, तेव्हा तिच्यासाठी ती जागा फार पूर्वी कोणी झाडून-सारवून ठेवली, याचे स्मरण सर्वांना असावे.

गानहिरा हिराबाई बडोदेकर यांच्या पवित्र स्मृतीस विनम्र अभिवादन.